सदबांचा फरा

"सदबा, सदरा काढा."

"असू द्या की बाई. वरनंच बघा."

तीन आठवडे आमचं हेच चाललं होतं. सदबा गुळाच्या बाजारात हमाल. वय पन्नाशीचं. खांद्यावर गुळाच्या ढेपा वाहून उजवा हात वर जाईनासा झालेला. मी तेव्हा, म्हणजे सत्तरच्या दशकात, कोल्हापुरातल्या एका ट्रस्टच्या हॉस्पिटलात फिजिओथेरपिस्ट होते. बाईमाणसासमोर उघडं व्हायला ते लाजायचे. मीही फार आग्रह धरला नाही. समोरून तपासलं. दुखतं म्हणून ते हात आवळून धरायचे, त्यालाच मी आखडलेला सांधा समजले. फाईलवर 'फ्रोझन शोल्डर' लिहिलं. अशा खांद्याला शेक द्यायचा, पुलीवर हात ओढायचा आणि तो चालता ठेवायचा. "काम सोडू नका," असंही मी त्यांना बजावलं होतं.

त्याच महिन्यात गिरिजा माझ्या हाताखाली रुजू झाली. जयसिंगपूरची. घरी कन्नड, बाहेर मराठी. आठ दिवसांत पेशंट विचारायला लागले, "त्या धाकट्या बाई न्हाईत का?" सहा वर्षं तो विभाग मी एकटीने उभा केला होता. आमचे हाडांचे सर्जन डॉ. नाडगौडा राउंडला आले की आधी माझ्याशी बोलायचे. आता ते दारातूनच विचारत, "काय गिरिजा, काय म्हणतायत तुझे पेशंट?" तुझे! मी रजिस्टरात डोकं घालून बसायची. तिचं हसणंसुद्धा मला मोठं वाटायचं.

एका मंगळवारी मी मीटिंगहून परतले, तर सदबा चक्क उघड्या अंगाने भिंतीसमोर उभे. गिरिजा मागे.

"मामा, बंद पडलेली बैलगाडी ढकलताय असं समजा. ढकला भिंत!"

सदबांनी दोन्ही तळहात लावून जोर केला. डावा फरा, म्हणजे खांद्यामागचं ते तिकोनी हाड, बरगड्यांना चिकटून पुढे सरकला. उजवा मात्र पाठीवरून सुटून उभा राहिला. त्याच्या कडेमागे बोटं घालता आली असती.

फरा पुढे सरकतो त्याला आम्ही प्रोट्रॅक्शन म्हणतो. मागे येतो ते रिट्रॅक्शन. हात डोक्यावर न्यायचा तर फऱ्याला वरच्या अंगाला फिरावंही लागतं. फरा पुढे नेणारा आणि वर फिरवणारा एक मोठा स्नायू बरगड्यांवर असतो. त्याची नस मानेतून छातीच्या कडेने खाली येते. खांद्यावर सतत ओझं पडलं की ती दुखावते, स्नायू लुळा पडतो आणि फरा पंखासारखा उघडतो. याला विंगिंग म्हणतात. सदबांचा सांधा आखडलेलाच नव्हता. त्यांना ओझं बंद करायला हवं होतं, आणि मी उलटं सांगून बसले होते.

हे सगळं मला त्या क्षणी कळलं. तरी मी म्हणाले, "वापर नाही म्हणून अशक्तपणा आलाय. पुली चालू ठेव."

"पण मॅडम, हात मी धरून वर नेला तर पूर्ण जातो..."

"गिरिजा, पुली."

तिने पुलीची दोरी सदबांच्या हातात दिली. तिच्या त्या निमूट ऐकण्याचाही मला राग आला.

पुढच्या सोमवारी डॉक्टर राउंडला आले. सदबांनी त्यांनाच अडवलं. "सायेब, ह्या धाकट्या बाई म्हणत्यात वझं उचलू नगा. थोरल्या म्हणत्यात काम सोडू नगा. म्या ऐकू कुणाचं? आता ताटातला घाससुदीक जड व्हायला लागलाय."

डॉक्टरांनी माझ्याकडे बघितलं. गिरिजा काही बोलायच्या आत मी म्हणाले, "सर, विंगिंग आहे. आजच माझ्या लक्षात आलं."

"उत्तम," डॉक्टर म्हणाले. मला केवढं बरं वाटलं! गिरिजा शेकाच्या पिशव्या आवरत राहिली.

डॉक्टरांनी फाईल उघडली. दोन पानं उलटली.

"हे मंगळवारचं अक्षर कुणाचं? 'भिंत ढकलताना उजवा फरा सुटतो. नस तपासावी. ओझं बंद करावं का, मॅडमना विचारणे.'"

गिरिजाने हातातली पिशवी खाली ठेवली.

"मग तिने विचारलं का तुम्हाला?"

"विचारलं, सर."

"आणि हे सहा दिवस हा माणूस ढेपा वाहत होता?"

"व्हय की," उत्तर सदबांनीच दिलं.

डॉक्टरांनी आवाज चढवला नाही. पेशंट गिरिजाकडे दिला आणि पुढच्या महिन्यात शहरातल्या डॉक्टरांसमोर ही केस तिनेच मांडावी असं सांगितलं. त्या सभेला मी दुसऱ्या रांगेत बसले होते. तिने फऱ्याच्या सगळ्या हालचाली स्वतःचे खांदे हलवून दाखवल्या. इंग्रजी शब्द एकदाच उच्चारला, मग साधं मराठी. मी सहा वर्षांत असं समजावलं नव्हतं. टाळ्या पडल्या तेव्हा मी पर्समध्ये रुमाल शोधत होते.

सदबांची नस सुधारायला वर्षाच्या वर गेलं. हात टोपी घालण्यापुरता वर गेला, त्यापुढे नाही. व्यापाऱ्याने त्यांना वजनकाट्याच्या कामावर बसवलं. ते सहा दिवस वाया गेले नसते तर हात आणखी वर गेला असता का, हे मी डॉक्टरांना कधी विचारलं नाही.

गिरिजाचा हेवा मला नंतरही वाटत राहिला. तो काही गेला नाही. पण खांद्याचा पेशंट आला की मी आधी त्याचा सदरा उतरवते आणि त्याच्या पाठीमागे जाऊन उभी राहते.