अकरा वर्षांची मोलकरीण

अबुधाबीतल्या आमच्या मंडळाच्या नाटकात मी अकरा वर्षं मोलकरीण होते. मधे एकदा शेजारीण झाले, पण ती शेजारीणसुद्धा साखर मागायला यायची आणि जाताना कप विसळून जायची. नाटक दर वर्षी नवं असे, केरसुणी मात्र माझी तीच. ती मी मुद्दाम पुण्याहून नेली होती, कारण तिथल्या प्लॅस्टिकच्या झाडूचा आवाजच होत नाही आणि मोलकरणीचा आवाज झाला नाही तर तिच्याकडे बघतंय कोण!

नव्वदच्या दशकात मंडळात कामं कशी वाटली जातात हे कुणी लिहून ठेवलं नव्हतं, पण सगळ्यांना पाठ होतं. नायिका म्हणजे निदान मॅनेजरची बायको. तिची आई म्हणजे डॉक्टरची बायको. बँकेतल्या ऑफिसरची बायको फार तर वहिनी. माझा नवरा एका कॉन्ट्रॅक्टिंग कंपनीत स्टोअरकीपर होता, आणि स्टोअरकीपरच्या बायकोला केर काढता येतोच अशी समितीची पक्की खात्री होती. अभिनय कुणाला येतो हा प्रश्न तालमीत एकदाच निघाला, तोही पहिल्या वर्षी मीच काढला. अध्यक्षसाहेब म्हणाले, "ताई, ॲक्टिंग काय हो, सगळ्यांनाच येते. ॲडजस्टमेंट इम्पॉर्टंट."

पण खरं सांगते, मला ते काम मनापासून आवडायचं. नायिका तिन्ही अंकांत रडायची, आणि तिच्या रडण्यात मी बादली घेऊन आत आले की हॉल हसून लोळायचा. ते हसू कानात घेऊन मी पुढचं वर्षभर पोळ्या लाटायचे. ते ऐकलं नव्हतं एका माणसाने, माझ्या नवऱ्याने.

प्रयोग शुक्रवारी दुपारी एका शाळेच्या हॉलमध्ये असे. नवरा पार्किंगची ड्यूटी मागून घ्यायचा. दुपारी तीनच्या उन्हात, गळ्यात बिल्ला अडकवून, दुसऱ्यांच्या पजेरो मागेपुढे करत उभा राहायचा. मी भांडले की म्हणायचा, "आमचे जीएमसाहेब फ्रंट रोमध्ये बसतात. तू त्यांच्यासमोर लादी पुसणार आणि मी टाळ्या वाजवू?" माणूस वाईट नव्हता. घरात मी कुणाची नक्कल केली की उचकी लागल्यासारखा झटक्याझटक्याने हसायचा, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत. फक्त ते घरात. अकरा वर्षांत त्याने मला स्टेजवर एकदाही पाहिलं नाही, आणि मला त्याचा राग यायचा, फार यायचा.

अशातच आमच्या मजल्यावर एक स्पॅनिश बाई राहायला आली. सत्तरीची, ठेंगणी, केस लालभडक रंगवलेले. तिची मुलगी तिथल्या एका हॉस्पिटलात फिजिओथेरपिस्ट होती. एका सकाळी मी लिफ्टसमोर बादलीला अडखळून पडायची प्रॅक्टिस करत होते. बाईने दार उघडलं, दोनदा पाहिलं आणि "नो, नो" करत बादली माझ्या हातातून काढूनच घेतली. मग स्वतः लांबून आली. आधी थांबली. आम्हाला बादली दिसली, तिला दिसलीच नाही, आणि मग ती अशी अडखळली की लिफ्टमधून उतरणारा पठाण ड्रायव्हरही खो खो हसला.

ती स्पेनमध्ये सिनेमांत तीस-पस्तीस वर्षं काम करत होती. कायम विनोदी आणि कायम बाजूची. माझं इंग्रजी शाळेतलं, तिचं सिनेमाच्या सेटवर उचललेलं, त्यामुळे आमचं अर्धं बोलणं हातवाऱ्यांवर चालायचं. मुलीने तिची सगळी कामं एका व्हिडिओ कॅसेटवर जोडून दिली होती. पस्तीस वर्षांची कारकीर्द, आणि आम्ही चहाला बसलो की पहिला कप गार व्हायच्या आत ती संपायची. मोलकरीण, मोलकरीण, पोस्टातली बाई, नन, विधवा मावशी, पुन्हा मोलकरीण. तिच्या पात्राला सहसा नावच नसे. "नो नेम, नो डेथ," ती बोट नाचवत म्हणाली. नायिका दर दोन सिनेमांनी मरायच्या, मोलकरणीला मारायची तसदी कोण घेणार!

ट्रे घेऊन यायचं कसं हे तिने मला शिकवलं. दारात थांबायचं. मनात तीन मोजायचे. मग आत यायचं. त्या तीनमध्ये लोक हसायला तयार होतात. आमच्या नाटकांना ती पहिल्या रांगेत येऊन बसायची आणि एक अक्षर न कळता सगळ्यांच्या आधी हसायची.

एकदा मी विचारलं, तुझ्या नवऱ्याला आवडायचं का तुझं काम? तो कोर्टात अधिकारी होता. शेजाऱ्यांना सांगायचा, बायको शिवणकाम करते. थिएटरात कधी गेला नाही. "ही इज डेड नाऊ," ती चिवडा खात म्हणाली. "ही नेव्हर हर्ड देम लाफ." आवाजात रडणं नव्हतं, तक्रारही नव्हती. मी तिच्यापुढे आणखी चिवडा सरकवला.

त्यानंतरच्या वर्षी नवरा पर्चेस मॅनेजर झाला. ही बातमी अध्यक्षसाहेबांना बहुधा माझ्याआधी कळली, कारण त्याच आठवड्यात त्यांचा फोन आला. "मॅडम, यंदा लीड तुम्हीच करायचा." अकरा वर्षं मी ताई होते, एका रात्रीत मॅडम झाले. माझा अभिनय काही त्या रात्रीत वाढला नव्हता.

मी पैठणी नेसले आणि तिन्ही अंक रडले. नवरा पहिल्यांदाच हॉलमध्ये आला, पुढच्या रांगेत, उसना आणलेला व्हिडिओ कॅमेरा खांद्यावर घेऊन. त्या कॅसेटमध्ये दुसऱ्या अंकापासून नुसतं छत दिसतं आणि घोरणं ऐकू येतं. मोलकरीण झाली होती नवीन आलेल्या अकाउंट्स क्लार्कची बायको. ती बादली घेऊन आली, हॉल हसला आणि मी आणखी जोरात रडले. ते रडू मात्र अगदी खरं होतं. घरी येताना गाडीत लेक म्हणाली, "मम्मा, यू वर सो बोअरिंग. झाडूवाली आंटी वॉज फनी." नवरा म्हणाला, "तुला काय कळतंय? मम्मा हिरॉईन होती."

स्पॅनिश बाईने हळूच टाळ्या वाजवल्या होत्या. दुसऱ्या दिवशी सांगायला आली की तिलाही एकदा मुख्य काम मिळालं होतं. सिनेमा चार दिवस चालला. पाचव्या दिवशी ती दिग्दर्शकाच्या घरी गेली आणि माझा ट्रे मला परत द्या म्हणाली. त्यानेही दिला. त्या उन्हाळ्यात मुलीची नोकरी संपली आणि दोघी मायदेशी गेल्या.

मीही गेले आमच्या अध्यक्षसाहेबांकडे. म्हटलं, मला मोलकरीणच द्या. ते दचकलेच. "मॅडम, पर्चेस मॅनेजरच्या मिसेसनी केर काढायचा? लोक म्हणतील मंडळात इक्वॅलिटी राहिली नाही!" पुढची दोन वर्षं मी पैठणीत रडत राहिले.

मग नवऱ्याच्या कंपनीचं मोठं काम हातचं गेलं. अरबी मालकाने त्याला बोलावून सांगितलं, "हबीबी, स्टोअर ऑर टिकेट." परतीचं तिकीट नको म्हणून नवऱ्याने स्टोअर घेतलं. त्या संध्याकाळी तो बुटांसकट सोफ्यावर बसून राहिला. मी त्याचे बूट काढले, साबुदाण्याची खिचडी केली, देव आहे म्हटलं. आणि खिचडी ढवळताना माझ्या मनात आलं, आता केरसुणी परत मिळेल. मला स्वतःची लाज वाटली, खूप वाटली. पण आनंद झालाच, तो लपवून काय उपयोग!

दोन महिन्यांनी फोन आला. "ताई," अध्यक्षसाहेब म्हणाले, आणि पुढचं मला ऐकायची गरजच उरली नाही.

नवऱ्याला सांगायला मी आठ दिवस लावले. तो शर्टाचं बटण लावता लावता म्हणाला, "म्हणजे मी परत पार्किंगला." माझा तोल गेला. मी त्याला त्या कोर्टातल्या नवऱ्याची गोष्ट सांगितली, शिवणकामापासून मरेपर्यंत सगळी. "लोक हसतात ते त्याने कधी ऐकलंच नाही," मी म्हटलं, "आणि तूही ऐकणार नाहीस." त्याने उरलेली बटणं लावली आणि कामावर गेला. प्रयोगाच्या दिवशी बिल्ला गळ्यात घालून आमच्या आधीच निघून गेला.

पहिल्या अंकात नायिका रडायला लागली. मी बादली आणि केरसुणी घेऊन दारात आले आणि थांबले. हॉल गप्प होता. मी मनात एक म्हटलं. दोन म्हटलं. तेवढ्यात हॉलच्या मागच्या दरवाज्यातून, जिथून बाहेरचं ऊन आत येत होतं तिथून, उचकी लागल्यासारखं एक हसू आलं. मी अजून काहीच केलं नव्हतं. गळ्यात बिल्ला, हातात कुणाच्या तरी पजेरोची किल्ली, एकटाच हसत होता वेडा. तीन म्हणायचं मी विसरले.