आषाढातलं माप

"सदर इसम नजीर हुसेन, रा. भोर, वय अंदाजे ५४, धंदा पादत्राणे. मानक क्रमांकाची मापे वापरीत नसल्याने वर्गवारी : अकुशल."

२००३ साली कारागीर-नोंदणीला आलेल्या साहेबांनी एवढं लिहून शिक्का मारला. नजीरभाईंनी पुण्यात कॅम्पात वीस वर्षं मापाचे बूट शिवले, हे लिहायला रकान्यात जागा नव्हती.

क्रमांक ते वापरत नसत, हे मात्र खरं. गिऱ्हाईकाला कागदावर उभं करायचं, पावलाभोवती पेन्सिल फिरवायची आणि त्या रेघेबरहुकूम पायाचा लाकडी साचा, फर्मा, तासायचा. एका माणसाचा फर्मा दुसऱ्याला चालत नसे.

गुंजवण्याच्या चिमाजींचा डावा पाय कड्यावरून पडल्यापासून दीड इंच आखूड. थोरल्या लेकीच्या लग्नात नवरदेवाला सामोरं जायला मेहुण्यांनी त्यांना उचलून मारुतीच्या देवळापर्यंत नेलं, आणि वऱ्हाड हसलं. धाकट्या प्रेरणाच्या लग्नात चालत जायचं, म्हणून त्यांनी जाड तळाचा बूट सांगितला होता.

लग्नाच्या सकाळी बूट कागदात गुंडाळताना नजीरभाईंना मापाच्या कागदावर वाळलेला चिखल दिसला. माप आषाढातलं. चिमाजी तेव्हा थेट खाचरातून आले होते. भातलावणीत पंधरा दिवस पाण्यात राहिलेला पाय फुगतो. आता मार्गशीर्ष लागला होता, सूज उतरली असणार. जाड तळाचा बूट ढिला झाला तर माणूस तोंडावर पडतो.

बायकोनं, अकिलाबींनी, कागद निरखला. "वीस वर्षं सायबांचे पाय बघितले तुमी. सायब कुठं भात लावतात?"

कातडं कापायची रापी आणि नमद्याचे, जाड दाबलेल्या लोकरीचे, तुकडे घेऊन नजीरभाईंनी एसटी पकडली. लग्नं वेळेवर लागतात का, असं त्यांनी कंडक्टरला तीनदा विचारलं. आजवर तरी पाहिलं नाही, असं तिसऱ्यांदा उत्तर मिळालं. मार्गासनीला जीप बारा माणसांशिवाय हलेना. अकरा होती. बूट मांडीवर घेऊन ते बाराव्याची वाट बघत बसले.

गुंजवण्यात पोचले तेव्हा वाजंत्री मारुतीपाशी आली होती. चिमाजी अनवाणी बसले होते, दोन मेहुणे बाह्या सारून तयार. बूट चढवला. टाचेमागं अख्खं बोट गेलं.

"नजीरभाई, पडलो तर पोरीम्होरं पडंन," चिमाजी हळूच म्हणाले.

"उभं ऱ्हावा. बसून माप कळत न्हाई."

नजीरभाईंनी नमदा कापला, घातला, काढला, पुन्हा तासून घातला. वऱ्हाडातून दोनदा निरोप आला. तिसऱ्या खेपेला बोट आत जाईना.

पुढच्या वर्षी नोंदणीचं नूतनीकरण झालं. वर्गवारीत बदल नाही.

प्रेरणाच्या लग्नात मांडवापासून मारुतीपर्यंत चिमाजींना कुणी उचललं नाही.