बाबांच्या फोटोला हार

आमच्या फिल्ममध्ये नायिका मीच होते. कपडे, सामान, शॉटला शॉट जुळवायची कंटिन्यूटी, सकाळचा चहा, हेही माझ्याकडेच. बिनपैशाच्या सिनेमात आपला हात जगन्नाथ! लोकेशन म्हणून आमचंच बोरिवलीचं घर, आणि दिग्दर्शिका माझी कॉलेजची मैत्रीण.

एका सीनमध्ये भिंतीवर वारलेल्या वडिलांचा हार घातलेला फोटो हवा होता. ओळखीतल्या प्रत्येकाने कानावर हात ठेवले. जिवंत माणसाच्या फोटोला हार कोण घालू देईल? शेवटी बाबाच म्हणाले, "माझा लाव की. नाहीतरी रिटायर झालो तेव्हा साधा गुच्छ दिला होता मेल्यांनी." आई भडकली. "ह्यांना कळत नाही, पण तुला तरी कळायला नको?" आम्ही दोघं हसलो.

फोटो मोठा करून आणला, चंदनाचा हार घातला. बाबा कॅमेऱ्यामागे खुर्ची टाकून बसले. आणि मी त्यांच्या फोटोपुढे अशी ढसाढसा रडले, की कट झाल्यावर त्यांनीच टाळ्या वाजवल्या.

पुढच्या दिवाळीआधी बाबा गेले. बसल्या जागी, हार्टने. आईने त्या हाराचा विषय एकदाही काढला नाही. आज तरी बोलेल, म्हणून मी रोज वाट बघत होते. ते फार वाईट दिवस होते.

फिल्म एडिटला अडकली होती. नेमक्या त्याच सीनमध्ये सोसायटीच्या पंपाची घरघर शिरली होती. मैत्रीण चाचरत म्हणाली, "तो सीन परत करावा लागेल गं. जमेल ना तुला?" मी हो म्हटलं. दुसरं कामच नव्हतं माझ्याकडे. ही फिल्म बुडाली असती तर मीही बुडाले असते. शिवाय एक निर्लज्ज विचार मनात आलाच, की आता रडू शोधावं लागणार नाही.

जुनं फुटेज बघून तीच साडी नेसले, तसाच अंबाडा घातला. भिंतीवर मात्र काही लावावं लागलं नाही. बाबांचा मोठा केलेला फोटो घरात तेवढा एकच होता.

ॲक्शन झालं. संवाद सगळे बरोबर आले. डोळे कोरडे ठणठणीत. आणखी टेक घेतले, तरी तेच. मैत्रिणीने लॅपटॉपवर जुना आणि नवा सीन लागोपाठ लावला.

"यार, राग मानू नकोस. जुनाच ठेवूया, आवाज डब करू. त्यात तू खरी रडलीयस."

मला स्वतःची किळस आली. आई मागे येऊन उभी होती, हे मला माहीत नव्हतं. जुना सीन संपेपर्यंत ती बघत राहिली.

"तेव्हाच रडून घेतलंस गं सगळं," ती म्हणाली, आणि चहा टाकायला आत गेली.