बोटवाल्या जावयाचं पाचवं कडवं

मी याद्या करणारी बाई. फ्रिजवर यादी, फोनमध्ये यादी. भुताखेतांवर माझा कधीच विश्वास नव्हता, आजही नाही. तरी हे लिहितेय... कारण ते भर सकाळी, अबू धाबीत मोहम्मद बिन झायद सिटीतल्या आमच्या फ्लॅटमध्ये घडलं.

माझे सासरे अण्णा, वय ब्याऐंशी, गेल्या वर्षापासून आमच्याकडे असतात. त्यांचे वडील नाटकात विनोदी कामं करायचे. आत नेपथ्य बदलेपर्यंत पडद्यापुढे येऊन स्वतः रचलेलं 'बोटवाला जावई' म्हणायचे — मुंबईहून बोटीने सासरी आलेल्या आणि चिखलात बूट रुतलेल्या जावयाचं गाणं. आधी गिरणगावात गाजलं, मग कोकणात गावोगाव. चार कडवी ठरलेली. पाचवं मात्र जागेवर रचायचं, समोर बसलेल्यांची नावं गुंफून. आणि ते लिहून ठेवायचं नाही, ही त्यांची रीत. त्यांच्या वहीत तेवढी जागा कोरी आहे.

अण्णा लहानपणी पहिल्या रांगेत बसून आपल्या नावाची वाट बघायचे. सगळ्या पोरांची नावं आली, यांचं नाही. गावातल्या शेवटच्या प्रयोगाला हे तापाने घरी. दुसऱ्या दिवशी शेजारच्या काकी म्हणाल्या, काल तुझं नाव घेतलं हो त्यांनी. पण शब्द कोणालाच आठवेनात. वडील त्याच आठवड्यात मुंबईला गेले आणि तिकडेच वारले.

हल्ली अण्णा बरंच विसरतात. म्हणून गाण्याची सगळी हकिगत लिहून काढायला आम्ही बसलो, तेव्हा ते म्हणाले, "मेधा, खरंच घेतलं असेल का गं? की आजारी पोराची समजूत काढली?"

मी वही उघडून पाचव्या कडव्याची कोरी जागा बघितली.

त्या मंगळवारी दहाला मी त्यांना क्लिनिकमध्ये नेलं. घरी एसीचं सर्व्हिसिंग होतं. माझी मुलगी ईशा आपल्या खोलीत हेडफोन लावून ऑनलाइन क्लासला बसलेली. आम्ही परतलो तेव्हा टेक्निशियन रामसेवक सामान आवरत होता. चाळिशीचा, बिहारचा, मराठीचा गंध नाही. अण्णांना बाहेरून येताना बघून तो थबकला.

"अंकल, आप बाहर कब गए? अभी तो अंदर गा रहे थे."

मी म्हटलं, टीव्ही असेल. नाही म्हणाला. अण्णांच्या बंद खोलीकडे बोट दाखवून सांगायला लागला, इतकं मजेदार गात होते की काम करता करता पाठ झालं. आणि त्याने चालीवर म्हणून दाखवलं —

बाबल्या नाही आज रांगेत,
जीव नाही माझ्या सोंगात.

चाल 'बोटवाला जावई'चीच. बाबल्या हे अण्णांचं घरातलं नाव... मला ते त्या दिवशी कळलं.

मी सगळं तपासलं. टीव्ही बंद होता, अण्णांचा फोन माझ्या पर्समध्ये, शेजारचा फ्लॅट दोन महिने रिकामा. वही पुन्हा पानन् पान चाळली. ईशा म्हणाली, "आई, देअर वॉज नोबडी." रामसेवकला पुढच्या आठवड्यात परत फोन केला. तो तेच सांगतो, तसंच.

अण्णांनी मात्र कोण, कसं, काहीच विचारलं नाही. त्यांनी त्याच दिवशी रामसेवकला चहा पाजला आणि त्या ओळी तीनदा म्हणायला लावल्या.

तो गेल्यावर म्हणाले, "मी रांगेत नव्हतो, हे बघितलं होतं गं वडिलांनी."