रजनीताईंची डबी

अकोल्याहून ताईंच्या लेकीचा फोन आला तेव्हा माझे हात साबणात होते. "आई गेली," एवढंच ती बोलली. उरलेली भांडी घासूनच मी घरी गेले. दुसरं काय करायचं ते सुचलं नाही...

रजनीताई राजापेठेत आम्हा धुणीभांडी करणाऱ्या बायांसाठी फिरायच्या. भांडी घासून आमच्या बोटांच्या रेषा गेलेल्या. रेशनच्या मशीनवर अंगठा उमटत नसे, मग दुकानदार म्हणायचा, "तुयं बोटच खराब आहे, मी काय करू? जाय." ताईंच्या पिशवीत खोबरेल तेलाची पत्र्याची डबी असायची. त्या आमचा अंगठा कोमट पाण्याने धुवायच्या, तेल लावून चोळायच्या, पदराने पुसायच्या. "लाव आता. दाबून." आणि मशीन बोलायचं.

दुकानदाराला ते खुपायचं. चैत्रात ताईंना ताप असताना त्याने सांगितलं, "मशीन बंद आहे. बसा पायरीवर. लय पुळका आहे न तुमाले या बायांचा." सावलीतली खुर्ची त्याने आत ओढून घेतली. मागच्या दाराने त्याची माणसं धान्य नेत होती. ताई दोन वाजेपर्यंत उन्हात बसल्या. मी म्हटलं, "ताई, घरी चला." त्या म्हणाल्या, "अन् तुझं धान्य?" तिसऱ्या दिवशी लेकीने त्यांना अकोल्याला नेलं. डॉक्टरांनी मरणाचं कारण हृदय लिहिलं. मी ती पायरी म्हणते.

त्याने मात्र दुकानावर श्रद्धांजलीचा फ्लेक्स लावला. ताईंचा फोटो लहान, हात जोडलेला त्याचा मोठा.

गेल्या महिन्यात घराला चुना मारताना त्याचे हात पोळले. रोज सकाळी मशीन त्याच्या अंगठ्यानेच सुरू व्हायचं, त्या दिवशी ते होईना. दोन वाजता साहेब तपासणीला येणार. त्याने बोट ओलं केलं, शर्टाला पुसलं. मग माझ्या हातातल्या डबीकडे पाहिलं. ताईंच्या लेकीने ती मला दिली होती, बायांचे अंगठे आता मीच चोळायचे.

"बाई, तुले जमते न ते. चोळून दे."

ताईंनी लगेच दिलं असतं. चारचौघांत मी कधी तोंड उघडत नाही, पण म्हणाले, "भाऊ, पायरीवर बसा."

"काहून?"

"ताई बसल्या होत्या."

त्याने घड्याळाकडे पाहिलं. तो बसला. आम्ही सगळ्या आत सावलीत उभ्या राहिलो. "झालं न आता?" त्याने दोनदा विचारलं. "नाही," मी म्हणाले. दोनला थोडा वेळ उरला तेव्हा डबी उघडली.

आता मला पाहिलं की तो आपणहून खुर्ची बाहेर आणून ठेवतो. मी तिच्यावर बसत नाही. डबी मांडीवर घेऊन पायरीवरच बसते, त्याला रोज दिसावी म्हणून.