फुसाएचा शेवटचा डबा

तामोत्सु कुवाता गोदीत जहाजाचे पत्रे वाकवायचा. पत्र्यावरून गॅसची ज्योत फिरवायची, मागून पाणी सोडायचं. जाड पोलादही हळूहळू वळतं. पाण्याची नळी माझ्या हातात असे. त्याने ज्योत कधी घाईने फिरवली नाही. घाईत वळवलेला पत्रा सरळ करायला दुप्पट घाम गाळावा लागतो.

घरात मात्र त्याने कधी शेगडी पेटवली नाही. ते काम त्याच्या बायकोचं, फुसाएचं. हिवाळा लागला की ती बैलाच्या पायाच्या शिरा शिजवायची. पहिल्या उकळीचं पाणी फेकायचं, एकेक तुकडा गार पाण्यात बोटांनी चोळून धुवायचा, मग दुपारभर मंद आच. जवळ उभं राहून फेस काढत राहायचं. शेवटी कोन्याकूच्या, म्हणजे कंदाच्या पिठाच्या लिबलिबीत वड्या, सोया सॉस, साखर, आलं; वाढताना वर कांद्याची पात. आमच्या नागाता वस्तीत हे घरोघरी होतं. तिच्या हातचं तोंडात विरघळायचं.

मागच्या फेब्रुवारीत ती गेली. फ्रीजरमध्ये तिने शिजवलेल्या शिरांचा एक डबा राहिला. वर्षश्राद्धाला तिच्या चवीच्या शिरा आपल्या हातून व्हाव्यात, हे तामोत्सुने मनाशी धरलं. डबा उघडला नाही. आधी जमू दे, मग ताडून बघू, म्हणाला.

चाखायला मी.

"काय रे, बूट शिजवलास?"

"गोदीत माझ्या डब्यातलं पळवून खायचास, तेव्हा नव्हती ही जीभ."

"तेव्हा दात होते."

पुढच्या खेपेला मऊ झालं, पण वास राहिला. धुण्यात कसूर. तो पुन्हा बाजारात गेला. हिवाळा सरत आला तेव्हा कुठे खाण्यासारखं झालं.

"तिच्यासारखं?"

मी आणखी एक तुकडा उचलला.

श्राद्धाच्या आदल्या दुपारी त्याने डबा काढून गरम केला. एक तुकडा तोंडात टाकला आणि बराच वेळ चावत राहिला. मग वाटी माझ्याकडे सरकवली. चिवट. वड्यांना करडा फेस चिकटलेला.

"नीट धुतलेलं नाही," तो म्हणाला. "वेळेआधी उतरवलंय."

"बर्फात बिघडलं असेल."

"मला सांगतोस? काम बघून कळत नाही होय?" त्याने काड्या खाली ठेवल्या. "उभं राहवत नव्हतं तिला. शेगडीपाशी स्टूल घेऊन बसली होती. मी म्हटलं, म्हातारी झालीस. जेवताना म्हटलं, आज कच्चं राहिलंय. तर म्हणाली, राहू दे, उद्या परत ठेवते."

मी वाटी त्याच्याकडे परत सरकवली.

तो उठला. वाटीतलं आणि डब्यातलं सगळं गरम पाण्यातून काढलं, लहान पातेल्यात घातलं, ज्योत बारीक केली. मी स्टूल पुढे केलं. त्याने ते पायाने बाजूला सारलं. अंधार पडेपर्यंत पळीने फेस काढत उभा होता.

सकाळी त्यातली वाटी त्याने फुसाएच्या फोटोपुढे ठेवली.

"मांस ठेवतात का रे तिथं? भिक्षू येईल आत्ता."

"येऊ दे. तिचंच काम आहे, अर्धं राहिलेलं."

"कांद्याची पात नाही घातलीस वर."

"तीही चालत नाही म्हणे तिथं."

मी पात चिरायला घेतली.