हलाखीची पाहणी

बाबा नोकरीत असतानाच गेले तेव्हा मी बावीस वर्षांची होते. सरकारी क्वार्टर सोडून आई आणि मी नोएडात दोन खोल्यांत राहायला आलो. आई साड्यांना फॉल-पिको करायची, मी शिकवण्या घ्यायचे. बाबांच्या खात्यात अनुकंपा नोकरीसाठी माझा अर्ज पडून होता. नोकरी मिळाली तर आमचं घर आमचं राहणार होतं, नाही तर अमरावतीला मामाच्या बाहेरच्या खोलीत. मामा चांगला आहे, पण आश्रित ते आश्रितच.

मग पाहणी ठरली. घरची परिस्थिती खरोखर हलाखीची आहे का, हे बघायला खात्याचा इन्स्पेक्टर येणार होता. शहाण्या माणसाने जुनी चादर पसरली असती आणि तो गप्प बसला असता. माझ्या आईने शेजारच्या पंजाबी आंटींकडून दोन चांगल्या खुर्च्या आणि काचेचे पेले मागून आणले. ठेवणीतली साडी नेसली. काजू-बेदाणे घालून साजूक तुपातला शिरा केला. मी चिडले तर म्हणाली, बाबांच्या ऑफिसातला माणूस पहिल्यांदा घरी येतोय, त्याला रडका चेहरा दाखवायचा का? इन्स्पेक्टरने दोनदा शिरा मागून घेतला, जाताना तिला वाकून नमस्कार केला, आणि कुटुंबाची परिस्थिती बऱ्यापैकी असल्याचा अहवाल दिला. अर्ज नामंजूर झाला.

आठ दिवस मी आईशी धड बोलले नाही. माझा राग भांडी आपटणारा आहे. नवव्या दिवशी ती फॉल लावता लावता, मान खाली घालूनच म्हणाली, "माझंच चुकलं गं." तेव्हा मला स्वतःची इतकी लाज वाटली की मी तिच्या हातातून सुई काढून घेतली आणि उरलेला फॉल वेडावाकडा लावला. तिने तो नंतर गुपचूप उसवला.

एका ओळखीच्या वकीलबाईंनी केस घेतली. तीन महिन्यांत नव्याने विचार करा, असा कोर्टाने निकाल दिला. तीन महिने गेले, वर आणखी सात गेले, खात्याने साधं पत्रही पाठवलं नाही. शेवटी वकीलबाईंनी अवमानाची याचिका घातली आणि खात्याच्या मोठ्या साहेबांना जातीने हजर राहण्याचा हुकूम निघाला.

साहेब आले. निवृत्तीला टेकलेला, कपाळावर घाम आलेला माणूस. जजसाहेब त्यांना सगळ्यांसमोर फैलावर घेत होते, आमचा हुकूम तुम्ही रद्दी समजता का म्हणून विचारत होते. साहेब हात जोडून पुन्हा पुन्हा माफी मागत होते. मला आनंदाच्या उकळ्या फुटत होत्या. तेवढ्यात आईने माझी बाही ओढली. "यांच्या घरी माहीत असेल का गं?" ती कुजबुजली. मला तिचा रागही आला आणि तिला तिथेच मिठी मारावीशीही वाटली. साहेबांनी फाइलमधून माझं नियुक्तीपत्र काढून पुढे केलं. बाहेर आल्यावर आईने त्यांना हात जोडले, त्यांनी नजर खाली केली.

रुजू व्हायच्या दिवशी आई माझ्याबरोबर आली. क्लार्कने फॉर्मांचा गठ्ठा दिला. एका फॉर्मवर, मी नोकरीत असताना मेले तर माझं सगळं कोणाला द्यायचं, त्याचं नाव भरायचं होतं. मी आईचं नाव लिहायला लागले. आईने त्या ओळीवर पंजा ठेवला.

"माझं नको. एकदा घेतलं मी असं. आता नाही."

क्लार्क भला होता. म्हणाला, माताजी, जगह खाली नहीं छोड़ सकते, बस कागज़ पे रहता है.

आई माझ्याकडे बघून म्हणाली, "त्यांच्याही कागदावरच होतं गं माझं नाव."

मी तिचा हात हळूच बाजूला केला आणि तिचं नाव लिहिलं. मला तरी दुसरं कोण होतं?